'पेंटर' हे आडनाव

गेल्या गणेशोत्सवात आमच्या इंदूरच्या मंडळात मुलांसाठी एक गमतीची स्पर्धा ठेवली होती. चिठ्ठीवर एका मराठी कलावंताचे नाव लिहायचे, मुलाने ती उचलायची आणि त्या कलावंताविषयी दोन वाक्ये बोलायची. बालगंधर्व, दीनानाथ, दादासाहेब फाळके ही नावे मुलांनी बरी निभावली. आमच्या नातवाच्या वाट्याला आलेल्या चिठ्ठीवर मात्र 'बाबूराव पेंटर' असे लिहिलेले होते. पोरगा गोंधळला. व्यासपीठावरून खाली उतरून तो थेट आमच्यापाशी आला आणि म्हणाला, "आजोबा, पेंटर हे काय आडनाव झाले? आपल्या गल्लीच्या तोंडाशी पाट्या रंगवणारे काका बसत, तेही पेंटरच ना? मग हे कोणाचे कोण?"

सभागृहात थोडा हशा झाला. परीक्षकांनी मुलाला उत्तेजनार्थ पेन्सिलींचा संच दिला आणि वेळ साजरी झाली. आम्ही मात्र त्या प्रश्नाने घरी येईपर्यंत अस्वस्थ होतो. एक तर मुलाचा प्रश्न वाटला तितका अजाण नव्हता. दुसरे असे की, या नावाशी आमच्या घरातील एक जुनी चूक जोडलेली आहे. ती आजवर आम्ही कोणापाशी बोललो नव्हतो. म्हणून या महिन्याचे हे पान नातवाला द्यायच्या उत्तरासाठी वापरण्याची परवानगी वाचकांनी द्यावी. ती चूकही ओघाने सांगू.

बाबूरावांचे मूळ आडनाव मेस्त्री. ३ जून १८९० रोजी कोल्हापुरात त्यांचा जन्म झाला. वडील कृष्णराव हे हातात कला असलेले कारागीर. घरात लाकूड, लोखंड, हत्यारे यांचा सहवास. चित्रकलेच्या कोणत्याही विद्यालयाचा उंबरठा न ओलांडता बाबूराव रेखाटन शिकले, तैलरंग शिकले, मूर्तिकाम शिकले. त्यांना जोड मिळाली ती आनंदराव या चुलतभावाची. दोघेही रंगांत बुडालेले आणि दोघांनाही यंत्रांचे वेड. लोक त्यांना त्यांच्या धंद्याच्या नावाने ओळखू लागले, आणि काही वर्षांतच मेस्त्री मागे पडून 'पेंटर' पुढे आले. आपल्याकडे जोशी, कुलकर्णी, देशपांडे ही आडनावे तरी दुसरी कशी झाली? कामावरूनच झाली. फरक इतकाच की, ही जुनी आडनावे पडली तेव्हा राज्यकारभाराची भाषा निराळी होती, आणि मेस्त्रींच्या घरी नवे नाव आले तेव्हा इंग्रजी अंमल होता.

त्या काळचे कोल्हापूर डोळ्यांसमोर आणल्याशिवाय या माणसाचे मोल कळणार नाही. गादीवर शाहू महाराज होते. कुस्ती, गाणे, नाटक आणि चित्र या चारही गोष्टींना तेथे मान होता. आबालाल रहिमान यांच्यासारखा निसर्गचित्रकार याच गावात राहून काम करीत होता. मुंबईच्या जे. जे. कला विद्यालयात नाव काढणारे महादेव विश्वनाथ धुरंधर हेही मूळचे कोल्हापूरचेच, १८६७ चा जन्म त्यांचा. संगीत नाटकांचा तो ऐन बहराचा काळ. बाबूरावांच्याच वयाचे, १८९० सालीच जन्मलेले केशवराव भोसले आपल्या 'ललितकलादर्श'च्या नाटकांनी गावोगाव गाजत होते.

नाटक म्हटले की पडदे आलेच. आजच्या मुलांना 'पडदा' म्हटले की सिनेमाचा पांढरा पडदा किंवा खिडकीला लावायचे कापड आठवते. त्या काळी नाटक मंडळीची खरी मालमत्ता म्हणजे तिचे रंगवलेले पडदे. राजवाडा, अरण्य, रस्ता, बाग, देवालय असा एकेक पडदा गुंडाळून, बैलगाडीत किंवा आगगाडीच्या मालडब्यात घालून मंडळी मुक्काम हलवीत. आमच्या इंदूरला, ग्वाल्हेरला, बडोद्याला, हैदराबादेला या मंडळ्या येत, तेव्हा गायकांच्या गळ्याबरोबर पडद्यांचीही चर्चा घरोघर होई. सपाट कापडावर दूरवर जाणारा दालनाचा आभास निर्माण करायचा, खांब गोल दिसला पाहिजे, जमिनीच्या फरशा लांब जाताना बारीक होत गेल्या पाहिजेत, आणि हे सारे दिव्याच्या पिवळ्या उजेडात शोभले पाहिजे. साधारण १९१० ते १९१६ या काळात आनंदराव आणि बाबूराव ही जोडी पश्चिम हिंदुस्थानातील पहिल्या प्रतीच्या पडदे रंगवणाऱ्यांत गणली जाई. मराठी संगीत मंडळ्यांसाठी त्यांनी पडदे रंगवले, तसेच गुजराती व पारशी मंडळ्यांसाठीही रंगवले.

येथे एक गोष्ट लक्षात घ्यावयास हवी. पडदा रंगवणारा माणूस दिवाणखान्यातील चित्रकाराहून निराळा विचार करतो. दिवाणखान्यातले चित्र पाहणारा जवळ येतो, चष्मा पुसतो, बारकावे शोधतो. पडदा पाहणारा मात्र चाळीस हात दूर, शेवटच्या बाकावर बसलेला असतो, आणि त्यालाही क्षणात कळले पाहिजे की हे रान आहे की राजवाडा. रंग ठसठशीत, आकार मोकळे, नजर कोठे ठरायची ते आधीच ठरलेले. ही सवय पुढे बाबूरावांना भित्तिचित्रे, म्हणजे आपण ज्यांना पोस्टर म्हणतो ती, काढताना उपयोगी पडली असली पाहिजे. रस्त्याने जाणारा माणूस हासुद्धा एक शेवटच्या बाकावरचाच प्रेक्षक असतो, आणि शिवाय तो चालत असतो.

१९१३ साली फाळक्यांचा 'राजा हरिश्चंद्र' आला. ज्या फाळक्यांनी पुढे सिनेमा काढला, तेही याच छापील चित्रांच्या दुनियेतून आलेले होते. मुंबईच्या जे. जे. मध्ये शिकल्यावर १८९० साली ते बडोद्याच्या कलाभवनात दाखल झाले. पुढे राजा रविवर्म्याच्या चित्रांची छपाई करणाऱ्या लोणावळ्याजवळच्या छापखान्याशी त्यांचा संबंध आला. देवादिकांची रंगीत चित्रे घरोघर पोहोचवणारा छापखाना आणि तीच पुराणकथा पडद्यावर हलती करणारा सिनेमा यांच्यातील अंतर आपल्याला वाटते तितके नव्हते. आमच्या बडोद्याच्या वाचकांना हा दुवा विशेष जवळचा वाटेल.

'हरिश्चंद्र' पाहून कोल्हापूरच्या या दोघा भावांना झपाटल्यासारखे झाले. चित्र हलते, हे त्यांच्यासारख्या चित्रकारांना नुसते नवल वाटून कसे राहील? मुंबईच्या जुन्या बाजारातून त्यांनी चित्रपट दाखवण्याचे एक यंत्र मिळवले. दुसऱ्यांचे चित्रपट दाखवून पैसे जमवावेत आणि रात्री त्या यंत्राचे पोट उघडून आतले चाकांचे गणित समजून घ्यावे, असा क्रम सुरू झाला. परदेशी कॅमेरा विकत घेण्याची ऐपत नव्हती. तेव्हा कॅमेरा आपणच करावा, असे आनंदरावांनी मनावर घेतले. दुर्दैवाने १९१६ साली आनंदराव गेले. अर्धवट कॅमेरा आणि भावाचे अर्धवट स्वप्न ही दोन्ही बाबूरावांच्या अंगावर पडली. विष्णुपंत दामले या हुन्नरी शिष्याला हाताशी धरून त्यांनी १९१८ मध्ये तो कॅमेरा पुरा केला. तेवढ्यातच महाराष्ट्र फिल्म कंपनी उभी राहिली. तिला भांडवल दिले ते प्रामुख्याने तानीबाई कागलकर या गायिकेने. सावकार आणि शेठ ज्या धंद्याकडे संशयाने पाहत होते, त्यात एका गाणाऱ्या बाईने आपला पैसा घातला, हे आपल्या कलेच्या इतिहासात ठळक अक्षरांत लिहिले पाहिजे.

कंपनीचा पहिला चित्रपट 'सैरंध्री'. ७ फेब्रुवारी १९२० रोजी तो पुण्याच्या आर्यन चित्रपटगृहात झळकला. त्यात स्त्रियांची कामे स्त्रियांनीच केली होती. कुलीन म्हणवणाऱ्या घरांत ज्या कामाला नावे ठेवली जात, ते करायला गुलाबबाई आणि अनुसूयाबाई पुढे आल्या, आणि कमलादेवी व सुशीलादेवी या नावांनी लोकांना ठाऊक झाल्या. कीचकवधाचा प्रसंग इतका हुबेहूब उतरला होता की, सरकारी परीक्षकांनी त्यावर हरकत घेतली. लोकमान्य टिळकांनी बाबूरावांना 'सिनेमा केसरी' म्हणून गौरवले. त्याच वर्षी १ ऑगस्टला लोकमान्य गेले.

आता आमच्या विषयाच्या गाभ्याशी येतो. चित्रपट काढला, पण तो पाहायला यावे, हे लोकांना सांगणार कसे? त्या आधी जाहिरात म्हणजे वर्तमानपत्रातील चार ओळी किंवा बाजारात वाटायची पत्रके. त्यांत अक्षरेच अक्षरे. खेळाची वेळ, दर, 'स्त्रियांसाठी स्वतंत्र सोय' आणि नावापुढे दोन-तीन उद्गारचिन्हे. ज्या देशात शंभरातील नव्वदांहून अधिक लोकांना अक्षर ओळखता येत नव्हते, तेथे ही पत्रके वाचणार कोण? बाबूरावांनी १९२१-२२ च्या सुमारास चित्रपटाची माहिती आणि छायाचित्रे असलेल्या पुस्तिका वाटायला सुरुवात केली आणि आपल्या चित्रपटांची पोस्टरे स्वतःच्या हाताने रंगवली. १९२४ च्या 'कल्याण खजिना' या चित्रपटाचे त्यांचे पोस्टर हे आपल्या देशातील आज शिल्लक असलेल्या सचित्र चित्रपट-पोस्टरांपैकी सर्वांत जुने मानले जाते.

या कामाची कल्पना यावी म्हणून छपाईविषयी दोन शब्द. त्या काळी मोठ्या आकाराची रंगीत चित्रे दगडावर छापीत. गुळगुळीत घासलेल्या चुनखडीच्या जड शिळेवर तेलकट खडूने किंवा शाईने चित्र उलटे काढायचे. मग शिळा ओली करायची. पाणी कोऱ्या भागावर टिकते आणि तेलकट रेषेवर टिकत नाही. उलट छपाईची शाई फक्त त्या रेषेला धरते. तेल आणि पाणी यांच्या जुन्या वैरावर हा सारा धंदा चाले. प्रत्येक रंगासाठी शिळा वेगळी, आणि प्रत्येक वेळी कागद तंतोतंत त्याच जागी बसला पाहिजे. केसभर सरकला तरी नायकाच्या ओठांचा लाल रंग गालावर जायचा. एका पोस्टराच्या मागे इतके हात राबत, आणि ते भिंतीवर टिके फार तर पंधरा दिवस. मग त्यावर पुढच्या खेळाचे पोस्टर चिकटे, किंवा पावसाची एक सर ते गटारात नेई. ज्या कामाचे आयुष्य पंधरा दिवसांचे, त्यात जीव ओतावा की नाही, हा प्रश्न कोणाही कारागिराला पडावा. बाबूरावांनी तो ओतला.

आणि हे त्यांच्या स्वभावाला धरूनच होते. चित्रपट घेण्याआधी ते प्रत्येक दृश्याचे रेखाटन करीत. पात्रे कोठे उभी राहणार, वेष कसा, उजेड कोणत्या बाजूने, हे सारे आधी कागदावर ठरलेले असे. रंगवलेले पडदे करण्यात आयुष्याची उमेदीची वर्षे घालवलेल्या या माणसाने चित्रपटात मात्र सपाट पडदे टाळले आणि खरी खोली असलेले देखावे उभारले. आपल्याच हातखंड्याचा मोह सोडणे किती कठीण असते, हे ज्याला एखादी कला येते त्यालाच कळेल. १९२३ च्या 'सिंहगड'मध्ये त्यांनी रात्रीचे प्रसंग कृत्रिम प्रकाशात चित्रित केले आणि शिवाजी महाराजांची भूमिका स्वतः केली. या चित्रपटाला मुंबईत इतकी गर्दी लोटली की, ती पाहूनच सरकारला करमणूक कराची कल्पना सुचली, असे सांगतात. 'कल्याण खजिना'ला इंग्लंडातील वेम्बली येथील प्रदर्शनात पदक मिळाले.

त्यानंतर १९२५ साली 'सावकारी पाश' आला. नारायण हरी आपटे यांच्या कथेवर आधारलेला. देव नाही, राक्षस नाही, चमत्कार नाही. सावकाराने जमीन लुबाडलेला एक शेतकरी शहरात येऊन गिरणीत मजूर होतो, एवढीच कथा. त्या तरुण शेतकऱ्याचे काम शांताराम वणकुद्रे या कंपनीतल्या एका उमेदवाराने केले होते. पुराणकथांना सरावलेल्या प्रेक्षकांना हे इतके खरे चित्र पचले नाही, आणि धंद्याच्या दृष्टीने चित्रपट पडला. पुढे जाणत्यांनी त्याला आपल्याकडील वास्तववादी चित्रपटांचा आरंभ मानले. बाबूरावांनी १९३६ साली तो बोलपट म्हणून पुन्हा काढला. जी गोष्ट लोकांनी एकदा नाकारली, तीच अकरा वर्षांनी पुन्हा सांगावी, यातून त्यांच्या चिवटपणाची ओळख पटते.

पण चिवटपणाला दुसरी बाजूही असते. बाबूराव मनस्वी होते. काम मनासारखे होईपर्यंत थांबायचे, घाई खपवून घ्यायची नाही, हिशेबाकडे लक्ष द्यायचे नाही, असा त्यांचा खाक्या. हाताखाली तयार झालेले शिष्य आता जाणते झाले होते. १९२९ साली शांताराम, दामले, फत्तेलाल आणि धायबर बाहेर पडले, आणि सीताराम कुलकर्णी यांना बरोबर घेऊन त्यांनी १ जून १९२९ रोजी कोल्हापुरातच 'प्रभात' उभी केली. एकाच गावात, गुरूच्या डोळ्यांदेखत. पुढे १९३३ मध्ये प्रभात पुण्याला गेली, आणि दामले-फत्तेलाल यांचा १९३६ चा 'संत तुकाराम' व्हेनिसच्या महोत्सवात गौरवला गेला. इकडे बोलपट येताच महाराष्ट्र फिल्म कंपनी मिटली.

या प्रसंगाविषयी आम्ही तरुणपणी फार तावातावाने बोलत असू. शिष्यांनी गुरूला सोडले, हे आम्हाला पटत नसे. आता वय झाल्यावर वाटते, रोपाला मोठ्या झाडाच्या सावलीतून बाहेर पडावेच लागते. शिष्य तयार करणारा गुरू एकटा पडतो, ही त्याच्या यशाचीच किंमत. शांतारामांनी तरी पुढे १९४७ साली 'लोकशाहीर रामजोशी' काढला तेव्हा दिग्दर्शनात बाबूरावांना बरोबर घेतले. मधल्या काळात 'उषा', 'प्रतिभा' असे काही बोलपट त्यांनी दिग्दर्शित केले. पण त्यांचा खरा ओढा पुन्हा कुंचल्याकडे आणि छिन्नीकडे वळला होता. 'जलवाहिनी' हे त्यांचे तैलचित्र ज्यांनी पाहिले आहे, त्यांना या माणसाचा हात किती मृदू होता हे सांगावे लागत नाही. १६ जानेवारी १९५४ रोजी त्यांचे निधन झाले. कोल्हापूरकर त्यांना 'कलामहर्षी' म्हणतात.

नातवाचा दुसरा प्रश्न गल्लीतल्या पाट्या रंगवणाऱ्या काकांविषयीचा. त्याचे उत्तर तर आमच्या इंदुरातच आहे. पंढरपुरात जन्मलेला आणि इंदुरात वाढलेला एक मुलगा मुंबईला गेला, आणि फूटपाथवर शिड्या लावून सिनेमाचे प्रचंड फलक रंगवू लागला. मजुरी चौरस फुटाच्या दराने. त्याचे नाव मकबूल फिदा हुसेन. याच इंदूरच्या देवळालीकर मास्तरांच्या हाताखाली नारायण श्रीधर बेंद्रे तयार झाले, आणि त्यांनी पुढे बडोद्यात चित्रकारांची एक पिढी घडवली. गोव्यात मडगावला जन्मलेले दीनानाथ दलाल यांची मुखपृष्ठे पाहतच आमच्या पिढीचे दिवाळी अंक उघडले. गुलबर्ग्याकडून आलेल्या एस. एम. पंडितांनी मुंबईत सिनेमाची पोस्टरे आणि कॅलेंडरे रंगवून नाव मिळवले. यांतील कित्येकांना त्यांच्या काळच्या प्रतिष्ठित मंडळींनी 'धंदेवाईक' म्हणून बाजूला बसवले. पण ज्या घरात कधी तैलचित्र लागणार नव्हते, त्या घरातल्या माणसाला रंग आणि आकार यांचे पहिले शिक्षण दिले ते याच धंदेवाईकांनी. तेव्हा बाळा, तुझे पाटीवाले काका आणि बाबूराव पेंटर हे एकाच कुळातले. आडनावही त्यांचे एकच.

आता आमची चूक.

आमचे थोरले काका सिनेमाचे मोठे शौकीन. इंदुरात मराठी चित्रपट लागला की पहिल्या दिवशी पहिल्या खेळाला ते हजर. खेळाआधी मिळणारी पुस्तिका, दारात वाटलेले पत्रक, क्वचित चित्रपटगृहाच्या नोकराला आणा देऊन मिळवलेले पोस्टर, हे सारे ते घरी आणून एका हिरव्या पत्र्याच्या पेटीत ठेवीत. काकू रागावत, "घरात पुस्तके ठेवायला जागा नाही आणि हा कचरा कशाला?" काका हसून म्हणत, "अगं, पिक्चर उतरतो. कागद राहतो." काका गेले, काकू गेल्या, पेटी माळ्यावर राहिली. पंचवीसेक वर्षांपूर्वी वाडा पाडून तेथे इमारत बांधायचे ठरले. सामान हलवायची घाई होती. ती पेटी खाली काढली, झाकण उघडले, वाळवीचा भुसा आणि पिवळ्या कागदांचा वास आला. आम्ही वरचे दोन कागद उचलून पाहिले, पुन्हा ठेवले आणि रद्दीवाल्याला म्हणालो, "पेटी राहू दे, कागद ने." त्याने ते तागडीत घातले. किती किलो भरले, ते आता आठवत नाही. आलेल्या पैशांत त्या दिवशी मजुरांचा चहा झाला, एवढे आठवते.

त्या पेटीत काय होते, ते आम्हाला कधीच कळणार नाही. कदाचित साधी पत्रकेच असतील. कदाचित कोल्हापूरच्या एखाद्या जुन्या चित्रपटाची पुस्तिका असेल. आपल्या देशात हजाराहून अधिक मूकपट निघाले. त्यांतले फार थोडे आज शिल्लक आहेत. बाबूरावांच्या मूकपटांचीही बहुतांश हीच गत. जुन्या फितीतले रुपे काढून घेण्यासाठी त्या वितळवल्या गेल्या, काही आगीत गेल्या, काही गोदामांत कुजल्या. १९२५ चा 'सावकारी पाश' आज पाहता येत नाही. पुण्यात राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय स्थापन झाले ते १९६४ साली; तोवर व्हायचे ते नुकसान होऊन गेले होते. अशा चित्रपटांचे जे काही उरले आहे, ते बहुधा कागदावरच उरले आहे. एखादे पोस्टर, एखादी पुस्तिका, वर्तमानपत्रातली एखादी जाहिरात. काकांचे वाक्य अक्षरशः खरे ठरले. पिक्चर उतरला आणि कागद राहिला होता. तो आम्ही तागडीत घातला.

ऑगस्ट २०२४ मध्ये कोल्हापूरच्या केशवराव भोसले नाट्यगृहाला आग लागल्याची बातमी आली, तेव्हा आम्ही ती दोनदा वाचली. शाहू महाराजांनी बांधवलेले, बाबूरावांच्या तरुणपणी उभे राहिलेले ते नाट्यगृह एका रात्रीत जळाले. त्या आगीची हळहळ साऱ्या महाराष्ट्राने केली, आणि ते योग्यच झाले. आमच्या पेटीची हळहळ करायला मात्र आमच्याखेरीज कोणी नव्हते. आणि आम्हीही ती केली पंचवीस वर्षे उशिरा, एका मुलाने प्रश्न विचारल्यावर.

महाराष्ट्राबाहेर राहणाऱ्या आपल्यासारख्यांच्या घरांत या वस्तू असण्याचा संभव अधिक आहे, असे आम्हाला वाटते. मुंबई-पुण्याच्या माणसाला मराठी नाटक-सिनेमा रोज उपलब्ध. त्याने पत्रके कशाला जपावीत? इंदूर, ग्वाल्हेर, बेळगाव, बडोदे, हैदराबाद येथे मात्र मराठी खेळ येणे हाच सण असे, आणि सणाच्या खुणा माणूस जपून ठेवतो. आमचे काका त्यांतलेच. वाचकहो, आपल्याही माळ्यावर, आजीच्या ट्रंकेत, पाटाखाली, जुन्या पंचांगांच्या गठ्ठ्यात असे काही कागद असतील. दिवाळीच्या साफसफाईत ते हाती लागले तर एवढेच करावे : खाली बसावे, चष्मा लावावा आणि एकेक कागद उलगडून पाहावा. मोडला असेल तर घडीवर चिकटपट्टी लावू नये, तिचा डिंक कागद खातो. दोन कोऱ्या कागदांमध्ये सपाट ठेवावा, ओल लागू देऊ नये, आणि त्याच्या मागे नव्हे तर वेगळ्या चिठ्ठीवर पेन्सिलीने लिहावे की, हा कोणी, कोठून आणि साधारण केव्हा आणला. पुढे तो एखाद्या संग्रहालयाला द्यायचा की नाही, हे सावकाश ठरवता येते. तागडीत घातल्यावर काहीच ठरवता येत नाही.

ती हिरवी पेटी अजून आमच्याकडे आहे. नव्या घरात तिच्यात गव्हाच्या पिशव्या ठेवतो. परवा रात्री नातवाला हे सारे सांगून झाले, तेव्हा तो बराच वेळ गप्प होता. मग उठला आणि आपल्या खोलीतून एक घडी घातलेला कागद घेऊन आला. गणेशोत्सवाच्या कार्यक्रमाचे पत्रक होते ते, मंडळाने छापलेले. वर गणपतीचे चित्र, खाली स्पर्धांच्या वेळा. "आजोबा," तो म्हणाला, "हे पेटीत ठेवू का?"

आम्ही गव्हाची एक पिशवी बाजूला सरकवून त्याला जागा करून दिली.